चित्रांतून गोष्ट सांगणारा चित्रकार

मुलांनो, ज्या मुलाला अजून वाचता येत नाही, तेसुद्धा चित्रे पाहून गोष्ट समजून घेते. म्हणून मुलांच्या पुस्तकांच्या चित्रकाराचे काम फार जबाबदारीचे असते.

माधुरी पुरंदरे यांचा जन्म १९५२ साली झाला. मुंबईच्या सर जे. जे. कला महाविद्यालयात त्या चित्रकला शिकल्या. पुढे त्या मुलांसाठी गोष्टी लिहू लागल्या आणि त्यांची चित्रेही स्वतःच काढू लागल्या. ‘राधाचं घर’ हे त्यांचे पुस्तक प्रसिद्ध आहे. २०१४ साली त्यांना साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कार मिळाला.

चित्रकाराला आधी नीट पाहावे लागते. गोष्ट आपल्या यवतमाळ जिल्ह्यातील कापूसवेचणीची असेल, तर फुटलेले बोंड कसे दिसते, बाया वेचलेला कापूस ओटीत कसा भरतात, हे त्याला माहीत हवे.

पानांची दिशाही महत्त्वाची असते. मराठी पुस्तकात शेताकडे निघालेला मुलगा उजवीकडे चालताना दाखवतात, कारण पुढचे पान तिकडे असते. उर्दू पुस्तकात मात्र तो डावीकडे चालायला हवा. नाही तर तो मागे फिरला असे वाटेल! एक मराठी आणि एक उर्दू पुस्तक शेजारी ठेवून पाहा, म्हणजे हे सहज समजेल.