मुद्दल किती, हे आपल्याला काढता आले पाहिजे



उसाचे बिल हाती आले की कुणी देणे भागवतो, कुणी ठेव ठेवतो. पाच वर्षांनी मुलीच्या लग्नाला एक लाख हवेत, तर आज किती ठेवावे, असे आम्हाला पुष्कळ सभासद विचारतात. दर समजा दरसाल ८ टक्के, चक्रवाढ. तोंडी हिशेब होतो तो असा : पाच आठे चाळीस, म्हणजे चाळीस हजार व्याज. मग साठ हजार ठेवले की झालं! पण ६०,००० चे पाच वर्षांत होतात सुमारे ८८,१६०. ऐन लग्नात जवळजवळ बारा हजारांची तूट.

व्याज चढते मुद्दलावर, आणि आपण टक्के काढले शेवटच्या रकमेवर. इथेच घोटाळा होतो. १०० चे वर्षाने १०८ होतात. तेव्हा मागे यायचे तर १.०८ ने भागावे. एका वर्षाला एकदा, पाच वर्षांना पाचदा. १,००,००० ला असे भागत गेले की ६८,०५८ उरतात. एवढी ठेव हवी. चक्रवाढ तिमाही असेल तर तिमाहीला २ टक्के धरून १.०२ ने वीस वेळा भागावे. मग ६७,२९७ पुरतात. म्हणून दर विचारताना चक्रवाढ वर्षाची की तिमाहीची, तेही विचारून घ्या.

कर्जालाही हीच रीत. रोख्यावर १३,३१० आहेत, दर १० टक्के, तीन वर्षांत काही भरलेले नाही. १.१० ने भागा : १२,१००, मग ११,०००, मग १०,०००. हातात पडले होते दहा हजार. ३,००० सरळ व्याज आणि ३१० व्याजावरचे व्याज.

आपल्या पणजोबांच्या काळी सावकार जुना रोखा फिरवून नवा लिहिताना थकलेले व्याज मुद्दलात मिळवी. दोनचारदा रोखा फिरला की मूळ रक्कम कुठल्या कुठे! १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात शेतकऱ्यांचा उठाव झाला, सावकारांचे रोखे जाळले गेले. पुढे १८७९ साली तेव्हाच्या पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर जिल्ह्यांतील शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. रोख्यावरच्या आकड्यामागे जाऊन पहिल्या व्यवहारापासून हिशेब तपासावा, मुद्दल आणि व्याज वेगळे मांडावे, असे त्याने कोर्टाला सांगितले. ज्यासाठी तेव्हा कायदा करावा लागला, ते आज शाळेत जाणारी आपली मुलगी कॅल्क्युलेटरवर करील.

तेव्हा एका संध्याकाळी पासबुक, ठेवपावत्या आणि सोसायटीचा खातेउतारा घेऊन तिच्याशेजारी बसा. वहीत दोन रकाने पाडा, एक मुद्दलाचा, एक व्याजाचा. मधे हप्ते भरले असतील तर तारीखवार मांडा. तिथे नुसता भागाकार चालत नाही. आकडा जुळला नाही तर सचिवांना जाऊन विचारा. त्यात संकोच कसला? संस्था आपली, हिशेबही आपलाच.