फाळके, काशी आणि भांडवलाचा प्रश्न

दादासाहेब फाळके (१८७०–१९४४) यांच्याविषयी ‘राजा हरिश्चंद्र, १९१३’ एवढी नोंद करून परीक्षार्थी बहुधा पुढे जातात. अर्थशास्त्राच्या दृष्टीने मात्र १९१९ नंतर त्यांनी वाराणसीत घालवलेला काळ अधिक उद्बोधक आहे.

त्र्यंबकेश्वर येथे जन्मलेल्या फाळके यांनी मुंबईचे जे. जे. कला विद्यालय आणि बडोद्याचे कलाभवन येथे शिक्षण घेतले. छायाचित्रण, पुरातत्त्व खात्यातील आरेखन, शिलामुद्रण, जादूचे प्रयोग असे अनेक उद्योग त्यांनी केले. विखुरलेल्या वाटणाऱ्या या कौशल्यांची बेरीज चित्रपटात झाली. पत्नी सरस्वतीबाई कच्च्या फिल्मला कडेची छिद्रे पाडीत आणि सगळ्या संचाचा स्वयंपाकही करीत. (राष्ट्रीय उत्पन्नाच्या रूढ मोजणीत अशा घरगुती श्रमाला स्थान नसते.)

कौशल्य होते, भांडवल नव्हते. विम्याची पॉलिसी गहाण ठेवून १९१२ मध्ये ते लंडनला गेले व कॅमेरा घेऊन परतले. मग वाटाण्याचे रोप उगवतानाचे लघुचित्र दाखवून त्यांनी कर्ज मिळविले. येथे तारणापेक्षा नमुना अधिक उपयोगी पडला. मूकपटाला भाषेची सीमा नसल्याने बाजारपेठही देशव्यापी होती.

१९१८ मध्ये भांडवलदार भागीदारांसह नाशिक येथे ‘हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी’ स्थापन झाली आणि खरा पेच उद्भवला. भागीदारांना खर्चावर नियंत्रण हवे होते, तर फाळके यांना निर्मितीचे स्वातंत्र्य. एका व्यक्तीच्या अंगच्या कौशल्याची वाटणी यंत्रसामग्रीप्रमाणे करता येत नाही. मतभेद विकोपाला जाऊन फाळके यांनी कंपनी सोडली व सहकुटुंब काशी गाठली. कथेतला हरिश्चंद्र ज्या नगरीत स्वतःला विकतो, तीच ही नगरी. योगायोग म्हणावा, दुसरे काय!

काशीत त्यांनी समकालीन नाट्यव्यवसायावर टीका करणारे ‘रंगभूमी’ हे नाटक लिहिले. ‘संदेश’कार अच्युतराव कोल्हटकर यांनी त्यांना चित्रपटाकडे परतण्याची विनंती केली. अखेर १९२२ मध्ये ते त्याच कंपनीत परतले, परंतु भागीदार म्हणून नव्हे, तर पगारी निर्मितीप्रमुख व तांत्रिक सल्लागार म्हणून. उद्योजकाचा कर्मचारी होण्याची ही प्रक्रिया विद्यार्थ्यांनी विशेष लक्षात घ्यावी.

१९३१ मध्ये बोलपट आला, तसा निर्मितीचा खर्च वाढला आणि एकहाती कारागिरीचे दिवस सरले. १९३७ चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा अखेरचा चित्रपट कोल्हापूर सिनेटोनच्या भांडवलावर झाला. स्वतंत्र निर्मात्यांना अर्थसाहाय्य देण्यासाठी फिल्म वित्त महामंडळ निघाले ते १९६० मध्ये, म्हणजे फाळके यांच्या निधनानंतर सोळा वर्षांनी. चित्रपटव्यवसायाला उद्योगाचा दर्जा देण्याची घोषणा तर १९९८ मध्ये झाली. तोवर बहुतेक निर्मात्यांची मदार खासगी सावकार आणि वितरकांकडून मिळणाऱ्या आगाऊ रकमेवरच होती.