ढगातली वही : संगणकावरच्या खेळांची प्रगती कशी जपावी

मंडळाच्या कार्यक्रमात मध्यंतराच्या चहाच्या रांगेत उभे राहिले की पालकांचे बोलणे हटकून दोन विषयांवर येते. एक, सिलेक्टिव्ह शाळेची परीक्षा. आणि दोन, मुले कॉम्प्युटरवर किती वेळ खेळतात. पहिल्या विषयात माझा अधिकार नाही. दुसऱ्यावर सल्ला देणारे पुष्कळ आहेत, त्यात आणखी एकाची भर नको. मी लिहिणार आहे ते त्याच्या शेजारच्या, पण दुर्लक्षित विषयावर : मुले जे खेळतात त्यातली त्यांची प्रगती नेमकी कुठे साठवलेली असते, ती एका कॉम्प्युटरवरून दुसऱ्यावर कशी जाते आणि नाहीशी कशी होते. पेंडल हिल, वेंटवर्थव्हिल, टूंगाबी या पट्ट्यात ‘कॉम्प्युटरचं अडलं की याला विचारा’ अशी जी अलिखित यादी आहे तीत माझे नाव कोणी घातले ठाऊक नाही. पण दर जानेवारी-फेब्रुवारीत येणाऱ्या फोनांपैकी बरेच याच विषयाचे असतात. जानेवारीच का, ते पुढे येईल.

‘खेळच तो, गेला तर गेला’ असे म्हणणाऱ्यांना एक सांगतो. आपल्या पिढीने कॉम्प्युटर क्लासमध्ये चोरून खेळलेला ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ हा १९८९ चा खेळ एकूण साठ मिनिटांचा होता. हरलात तर पुन्हा पहिल्यापासून, फार तर संध्याकाळ वाया. आजचे खेळ तसे नाहीत. ‘स्टारड्यू व्हॅली’मध्ये मूल शेत पिकवते, गावातल्या माणसांशी ओळखी वाढवते, आणि शंभर तास घालवूनही शेत ‘पूर्ण’ होत नाही. तेवढ्या तासांत एखादे मूल भरतनाट्यमच्या दोन परीक्षा देते. ते तास योग्य की अयोग्य हा वाद घरोघरी चालू द्या. पण ते गेले तर मुलाचे काहीच गेले नाही असे म्हणणे खरे नाही.

आता यंत्राच्या आत डोकावू. खेळ आणि खेळातली प्रगती या दोन वेगळ्या वस्तू आहेत. खेळ कितीही गिगाबाइटचा असला तरी तो पुन्हा उतरवून घेता येतो. प्रगती असते एका छोट्या फाइलीत, तिला सेव्ह फाइल म्हणतात. ॲडलेडच्या टीम चेरी या चिमुकल्या कंपनीने २०१७ मध्ये काढलेला ‘हॉलो नाइट’ हा खेळ आपल्याकडची मुले फार खेळतात. त्यात चार जणांची प्रगती ठेवायची सोय आहे, आणि ती ‘युजर १’, ‘युजर २’ अशा नावांच्या फाइलींत राहते. इतक्या तासांची मेहनत, पण आकाराने सुट्टीतल्या एका फोटोपेक्षाही लहान!

गंमत अशी की ही फाइल कुठे ठेवायची याचा एक नियम नाही. काही खेळ ती ‘डॉक्युमेंट्स’मध्ये ठेवतात, काही ‘सेव्ह्ड गेम्स’ नावाच्या फोल्डरात आणि पुष्कळसे ‘ॲपडेटा’ नावाच्या फोल्डरात, जे विंडोज आपल्यापासून लपवून ठेवते. आपण नवा कॉम्प्युटर घेताना ‘डॉक्युमेंट्स’ आणि फोटो उचलतो व समाधानाने जुना पुसून देऊन टाकतो. लपलेले फोल्डर तिथेच राहते.

यावर उपाय म्हणून क्लाउड सेव्ह आले. स्टीम या मोठ्या दुकानाने २००८ मध्ये ही सोय सुरू केली आणि पुढे जीओजी, एपिक वगैरे इतरांनीही केली. काम सोपे आहे. खेळ बंद केला की सेव्ह फाइलची प्रत दुकानाच्या सर्व्हरवर जाते. दुसऱ्या कॉम्प्युटरवर तोच खेळ, त्याच खात्यातून सुरू केला की आधी ती प्रत खाली येते. लॅपटॉप चोरीला गेला, डिस्क जळाली, तरी शेत शाबूत! सोय खरोखरच उत्तम आहे आणि बहुतेक वेळा ती चालू आहे हेही कळत नाही. तरी स्टीमच्या सेटिंग्जमध्ये ‘क्लाउड’ या सदरात ती चालू असल्याची एकदा खात्री करावी.

पण ती नेमके काय करते हे नीट समजून घ्यायला हवे. आपल्याकडे दुधाचा हिशेब कालनिर्णयवर लिहायची पद्धत होती. समजा, एकच हिशेब दोन घरांत ठेवायचा आहे, एक कालनिर्णय पुण्यात आणि एक पेंडल हिलला. मध्ये एक निरोप्या आहे. तो दोन्ही घरी जातो, कोणत्या कॅलेंडरवर शेवटचे लिहिले गेले ते पाहतो, आणि ते अख्खे कॅलेंडर नक्कल करून दुसऱ्या घरी टांगतो. तिथले जुने फेकून देतो. ‘या घरातले मंगळवारचे दूध आणि त्या घरातले बुधवारचे’ असा मेळ तो घालत नाही, कारण त्याला लिहिलेले वाचता येत नाही. क्लाउड सेव्ह हा असा निरक्षर, पण प्रामाणिक निरोप्या आहे.

आता डिसेंबर. शाळांना सहा आठवडे सुट्टी, आपण सहकुटुंब भारतात. मुलीने लॅपटॉप बरोबर घेतला आहे. आजीच्या घरचे इंटरनेट कधी असते, कधी नसते. मुलगी तीन आठवडे इंटरनेटशिवाय खेळते. सगळी प्रगती लॅपटॉपवरच, निरोप्याला पत्ता नाही. जानेवारीत परत आल्यावर बॅगाही उघडायच्या आधी ती घरच्या मोठ्या कॉम्प्युटरवर खेळ सुरू करते. तिथे डिसेंबरातली जुनी स्थिती दिसते. ‘असं कसं?’ म्हणत ती दहा मिनिटे खेळून बघते, बंद करते. ती दहा मिनिटे क्लाउडवर जातात. दुसऱ्या दिवशी लॅपटॉप उघडला की स्टीम विचारते : या यंत्रावरची प्रत वेगळी, क्लाउडवरची वेगळी, कोणती ठेवू? आणि ‘क्लाउडवरची नवी दिसते’ म्हणून बाबा तिकडे बोट नेतात. तीन आठवडे एका क्लिकमध्ये जातात. जानेवारीतले फोन ते हेच.

अशा वेळी दोन्ही प्रतींची वेळ समोर दाखवलेली असते, पण ती पाहून निर्णय घेऊ नये. नवी म्हणजे पुढची असे नाही. शिवाय घड्याळावर तरी विश्वास कसा ठेवायचा? डिसेंबरात सिडनी भारताच्या साडेपाच तास पुढे असते. कित्येक जण पुण्याला पोहोचल्यावर लॅपटॉपचा टाइम झोन न बदलता नुसते काटे मागे करतात. त्याने कॉम्प्युटरच्या हिशेबी ते साडेपाच तास मागच्या काळात खेळू लागतात. दूरदूरच्या यंत्रांमध्ये कोणती घटना आधीची हे घड्याळावरून ठरवता येत नाही, यावर लेस्ली लॅम्पोर्ट यांनी १९७८ मध्ये लिहिलेला निबंध आम्हा संगणकवाल्यांना पाठ असतो. तो इतक्या घरगुती रीतीने अनुभवाला येईल असे वाटले नव्हते.

म्हणून भारतातून परतल्यावर आधी लॅपटॉप घरच्या वायफायला जोडावा, खेळ एकदा उघडून बंद करावा, क्लाउडचे काम पुरे झाल्याचे दिसले की मगच मोठ्या कॉम्प्युटरकडे वळावे. आणि तो प्रश्न समोर आलाच तर उत्तराची घाई करू नये. आधी लॅपटॉपवरच्या सेव्हच्या फोल्डरची प्रत पेनड्राइव्हवर काढावी. क्लाउडवरच्या फाइलीही स्टीमच्या संकेतस्थळावर आपल्या खात्यात जाऊन उतरवून घेता येतात. दोन्ही प्रती हातात असल्या की मग हवे ते बटण दाबा.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. निरोप्या निरक्षर असल्यामुळे तो चांगल्या मजकुराइतक्याच निष्ठेने खराब मजकूरही पोहोचवतो. धाकट्याने ताईचे शेत चुकून पुसले, तर पुसलेलेही सगळीकडे पोहोचते. डिसेंबर २०२० मध्ये ‘सायबरपंक २०७७’ हा बहुचर्चित खेळ आला तेव्हा सेव्ह फाइल ८ मेगाबाइटांच्या वर गेली की ती खराब होत असे. कंपनीने त्याच महिन्यात दुरुस्ती केली. बिघडलेल्या फाइलीची नक्कल क्लाउडवर असून उपयोग काय? तेव्हा क्लाउड सेव्ह म्हणजे नक्कल जुळती ठेवणे, जुनी प्रत जपणे नव्हे. जागेलाही मर्यादा असते. जीओजीने २०२४ मध्ये दर खेळामागे २०० मेगाबाइटांची मर्यादा जाहीर केली आणि त्यावरचे जुने सेव्ह काढून टाकले जातील असे ग्राहकांना कळवले.

आणि काही खेळ या सोयीत मुळी येतच नाहीत. आपल्या मुलांचा सर्वांत लाडका ‘माइनक्राफ्ट’, त्याची जावा आवृत्ती, हे ठळक उदाहरण. पैसे भरून ‘रेल्म्स’ घेतले नसेल तर मुलाने उभारलेले जग फक्त त्याच कॉम्प्युटरवर असते, लपलेल्या ‘ॲपडेटा’च्या आत.

गिरावीनच्या एका परिचित कुटुंबातला मुलगा २०२१ च्या टाळेबंदीत अकरा वर्षांचा होता. जून ते ऑक्टोबर घरात कोंडलेला. त्याने आजोबांचा वाईचा वाडा माइनक्राफ्टमध्ये बांधायला घेतला. खरा वाडा विकून तिथे केव्हाच इमारत उभी राहिली होती, नकाशा कुठे नव्हता. रोज संध्याकाळी आजोबा व्हिडिओ कॉलवर सांगत, ‘माजघराला खिडकी नव्हती रे, उजेड चौकातून यायचा,’ आणि हा भिंत पाडून पुन्हा रचत असे. पुढेही दोन वर्षे अधूनमधून चालूच होते. मग लॅपटॉप मंद झाला म्हणून दुरुस्तीला गेला. दुकानदाराने रीतसर विचारले, ‘काही ठेवायचं आहे का?’ वडील म्हणाले, ‘सगळं क्लाउडवर आहे.’ त्यांची कागदपत्रे आणि फोटो होतेच. मला फोन आला तेव्हा विंडोज नव्याने घालून झाले होते. जुन्या फिरत्या डिस्कवरून पुसलेले कधीकधी परत काढता येई. आताच्या एसएसडी पुसलेल्या जागा स्वतःहून साफ करून टाकतात, त्यामुळे मला काहीच काढता आले नाही. मुलाने आजोबांना व्हॉट्सॲपवर पाठवलेली चौकाची दोन चित्रे तेवढी उरली आहेत. आजोबा त्याआधी काही महिने वारले होते.

ते जग एका फोल्डरात मावत होते. विंडोजचे बटण आणि ‘आर’ एकत्र दाबून, येणाऱ्या चौकटीत पर्सेंटच्या दोन चिन्हांमध्ये ‘ॲपडेटा’ लिहिले की दार उघडते. आत ‘डॉट माइनक्राफ्ट’, त्यात ‘सेव्ह्ज’. खेळ बंद असताना तो फोल्डर पेनड्राइव्हवर ओढायचा, नावापुढे तारीख घालायची. इतर खेळांचे फोल्डर शोधत बसायचे नसेल तर ‘लुडुसावी’ नावाचे फुकट सॉफ्टवेअर आहे. ते हजारो खेळांच्या जागा ओळखते आणि सगळ्यांच्या प्रती एकदम काढते. महिन्यातून एकदा पुरे. मी मुलांना वीजबिल आले की करायला सांगतो, पण आमच्याकडे ते तिमाही येते, तेव्हा हा सल्ला तपासून घ्यावा!

दोन बारीकसारीक बाबी राहिल्या. एक, स्टीमवर घेतलेला खेळ आणि एपिकवर घेतलेला तोच खेळ यांचे क्लाउड वेगळे. एकीकडची प्रगती आपोआप दुसरीकडे जात नाही. दोन, भावंडांनी एकाच खात्यातून खेळू नये. स्टीमने २०२४ मध्ये सर्वांसाठी खुली केलेली ‘फॅमिलीज’ ही सोय वापरली तर घेतलेले खेळ वाटून खेळता येतात आणि प्रत्येकाची सेव्ह फाइल स्वतंत्र राहते. आमच्या घरची निम्मी भांडणे त्याने मिटली. उरलेली निम्मी लॅपटॉपचे झाकण घाईने मिटण्यावरून होतात. खेळ बंद केल्यावर प्रत वर जायला काही क्षण लागतात आणि तेवढ्यात ‘जेवायला या’ अशी हाक आलेली असते. ती हाक पाच मिनिटे आधी मारावी.