मृत्युपत्र झाले म्हणून मुलांचा हक्क जात नाही

घरातील वडीलधारे माणूस जाते, तेराव्याचे विधी आटोपतात आणि मग नोतेरकडे ठेवलेले तेस्तामाँ, म्हणजे मृत्युपत्र, वाचले जाते. राहते घर आणि उसाची जमीन सगळी एकाच मुलाच्या नावे! मग एक भाऊ म्हणतो, "बाबांना शेवटी काही कळत नव्हते." दुसरा म्हणतो, "सगळे कळत होते." गावभर चर्चा होते ती गेलेल्या माणसाच्या डोक्याची. वाचकहो, पुष्कळदा या चर्चेची गरजच नसते.

मॉरिशसचा वारसा कायदा फ्रेंच वळणाचा आहे. १८१० साली इंग्रजांनी बेट जिंकले, पण फ्रेंच सिव्हिल कोड त्यांनी कायम ठेवला. भारतातील नातेवाईक सांगतात की स्वकष्टाची मालमत्ता माणूस मृत्युपत्राने हवी त्याला देऊ शकतो. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याप्रमाणे तिकडे ते खरे आहे. इकडे नाही. येथे एक मूल असेल तर अर्धी, दोन असतील तर एक तृतीयांश आणि तीन किंवा अधिक असतील तर फक्त एक चतुर्थांश मालमत्ता मनाप्रमाणे देता येते. उरलेला हिस्सा मुलांसाठी राखीव असतो. मुलगा आणि मुलगी असा भेद कायदा करीत नाही. लग्न होऊन सासरी गेलेली मुलगीही त्यात आलीच. एखादे मूल आधीच वारले असेल तर त्याची मुले त्याच्या जागी उभी राहतात.

समजा, तीन मुले आहेत आणि कर्ज फेडून मालमत्ता ४० लाख रुपयांची आहे. मनाप्रमाणे द्यायचा भाग १० लाख, राखीव ३० लाख. सर्व काही धाकट्याला लिहिले असले तरी थोरल्या दोघांचे दहा-दहा लाख सुटत नाहीत. धाकट्याच्या पदरात फार तर २० लाख पडतात. त्यासाठी मृत्युपत्र रद्द करावे लागत नाही. वारसांनी कपातीचा दावा करायचा, बाबा वेडे होते असे सिद्ध करायचे नाही.

हिशेब मात्र नीट मांडावा लागतो. लग्न कायदेशीर असून वेगळा करार केलेला नसेल, तर संसारात जोडलेल्या मिळकतीचा अर्धा वाटा आईचा स्वतःचा असतो. तो आधी बाजूला काढायचा, कारण बाबांचे मृत्युपत्र त्याला लागूच होत नाही. हयातीत दिलेल्या देणग्या हिशेबात परत धरतात. "विक्री" म्हणून कागद केला, पण पैसे कधी दिलेच नाहीत, असे सिद्ध झाले तर कोर्ट त्या विक्रीलाही देणगी मानू शकते. हा प्रकार आपल्याकडे किती चालतो हे सांगायला नको!

मृत्युपत्रच खोटे किंवा सदोष असेल तर गोष्ट निराळी. स्वहस्ते केलेले मृत्युपत्र संपूर्ण हाताने लिहिलेले, तारीख घातलेले आणि सही केलेले असावे लागते. टाइप करून खाली नुसती सही केली तर ते चालत नाही. अक्षर बाबांचे वाटत नसेल तर वारस तसे सांगू शकतात आणि कोर्ट अक्षराची तपासणी करविते. नोतेरपुढे केलेले मृत्युपत्र मोडणे यापेक्षा पुष्कळ कठीण असते. लिहिताना शुद्ध नव्हती असे म्हणायचे तर त्या वेळचे डॉक्टरांचे कागद हवेत, शेजाऱ्यांच्या आठवणी पुरत नाहीत.

भगिनींसाठी एक वेगळी गोष्ट. बाबा जिवंत असताना "मला वाटा नको" असे लिहून घेतलेला कागद कायद्याने निरर्थक आहे. मग तो लग्नाच्या वेळी लिहिलेला असो की भावाच्या आग्रहाने. हक्क सोडायचाच असेल तर तो मृत्यूनंतर, रीतसर सोडावा लागतो. तेराव्याच्या गर्दीत पुढे केलेल्या कागदावर न वाचता सही करू नये.

नोतेरकडे जाताना मृत्यूचा दाखला, आईवडिलांच्या विवाहाचा दाखला, सर्व भावंडांचे जन्मदाखले आणि जमिनीचे कागद न्यावेत, आणि मृत्युपत्राची नक्कल मागून घ्यावी. दावा लावायचा असेल तर वकिलाला लवकर भेटावे. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर सरकारी कायदेशीर मदतीसाठी अर्ज करता येतो.