खऱ्या माणसांचे चित्रपट

तुम्ही चित्रपट पाहता. त्यांतील नायक आणि खलनायक हे नट असतात. त्यांना बसणारा मारही खोटा असतो. पण काही चित्रपटांत नट नसतातच. माणसे खरी, घरे खरी आणि डोळ्यांतील पाणीही खरे. अशा चित्रपटाला माहितीपट किंवा अनुबोधपट म्हणतात.

आनंद पटवर्धन हे असे चित्रपट करणारे दिग्दर्शक. त्यांचा जन्म १९५० साली मुंबईत झाला. १९८५ साली त्यांनी ‘हमारा शहर’ तयार केला. या नावाचा अर्थ तुम्हांला सांगायला नको! त्या काळी मुंबईत फुटपाथवर व झोपडपट्ट्यांत राहणाऱ्यांची घरे पाडली जात होती. शहरातल्या इमारती ज्यांनी बांधल्या, त्यांनाच तिथे जागा नव्हती.

या चित्रपटात एक बाई दिग्दर्शकावरच संतापते. गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव कमावता, आमचे काय भले करता, असे ती विचारते. तो भाग कापून टाकता आला असता. पटवर्धनांनी तो ठेवला. मला चित्रपटातील हाच भाग सर्वांत मोलाचा वाटतो. कॅमेरा निघून जातो. माणसे तिथेच राहतात.

पटवर्धन मात्र निघून गेले नाहीत. १९८६ साली कुलाब्याजवळचे संजय गांधी नगर पाडले गेले. तेव्हा ते रहिवाशांबरोबर उपोषणाला बसले. प्रसिद्ध उर्दू शायर कैफी आझमी यांची कन्या, अभिनेत्री शबाना आझमी, याही त्यात होत्या. अखेर सरकारने रहिवाशांना दुसरी जागा दिली.

‘हमारा शहर’मध्ये विलास घोगरे नावाचे शाहीर गातात. जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधासाठी लोक जमले. पोलिसांनी गोळीबार केला व १० जण मरण पावले. ते दुःख सहन न होऊन घोगरे यांनी आपले जीवन संपवले. ज्याचे गाणे आपण टिपले, तो माणूस असा का गेला? पटवर्धन पुन्हा कॅमेरा घेऊन निघाले. खटला रेंगाळला, वर्षे गेली. चित्रीकरण चालूच राहिले. १४ वर्षांनी, २०११ साली, ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला.

अशा चित्रपटांना अडथळेही फार. ‘जंग और अमन’ हा अण्वस्त्रांविरुद्धचा चित्रपट. सेन्सॉर बोर्डाने त्यात काटछाट सुचवली. पटवर्धन न्यायालयात गेले. २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने तो काटछाटीविना दाखवण्यास परवानगी दिली.

‘जय भीम कॉम्रेड’ मोठ्या चित्रपटगृहांची वाट पाहत बसला नाही. वस्त्यावस्त्यांत पडदा बांधून तो दाखवला गेला. ज्यांची ही कहाणी, तीच माणसे पडद्यासमोर बसून तो पाहत होती.