रात्रीच्या पाळीची फिल्म

सकाळी ९. परभणीजवळच्या पोखर्णीत नृसिंहाच्या दर्शनाला येणाऱ्यांची वर्दळ सुरू झालेली असते तेव्हा मी उठतो. कालचं चित्रण दोन हार्ड डिस्कवर उतरवायचं, मगच कार्ड रिकामं करायचं. माझा माहितीपट थ्री फेज विजेवर आहे. शेतीपंपांना ती आळीपाळीने मिळते. कधी दिवसा, कधी रात्री. रात्रीची पाळी आली की हरभऱ्याला, गव्हाला पाणी द्यायला माणूस थंडीत, सापाकिरड्याच्या वाटेने शेतात जातो. दिवसा वीज देता यावी म्हणून २०१७ मध्ये मुख्यमंत्री सौर कृषिवाहिनी योजना आली. ज्यांच्या शेतात मी चित्रण करतोय, त्या भाऊंची पाळी या आठवड्यात रात्रीचीच आहे.

११. परभणीच्या एका लग्नाचं एडिटिंग. पोट यावर चालतं, आणि यातूनच मला वेळ विकत घेता येतो. माहितीपटकार आनंद पटवर्धनांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ची सुरुवात १९९७ च्या, मुंबईतल्या रमाबाई नगरातल्या पोलिस गोळीबारातून झाली, फिल्म पूर्ण झाली २०११ मध्ये. चौदा वर्षं थांबायची मुभा कुठला पैसेवाला देईल? स्वतंत्र माहितीपट म्हणजे माझ्या लेखी हीच मुभा.

दुपारी ४. भाऊंच्या घरी जातो, कॅमेरा खोलीवर ठेवून. काकू शेंगा निवडत असतात. “आमचे हाल लोकायला दाखवून काय होतंय, दादा?” त्या विचारतात. लगेच पटेल असं उत्तर माझ्याकडे नाही. फिल्म आधी इथे, गावात दाखवीन. जे नको वाटेल ते काढीन, एवढं सांगतो. सुनेला घ्यायचं नाही, ही त्यांची अट. परवानगीच्या कागदावर सही झालेली आहे, तरी मी दर वेळी नव्याने विचारतो. ज्याच्या घरात आपण महिनोन्महिने बसतो, त्याला मध्येच नको म्हणता आलं पाहिजे.

रात्री साडेअकरा. शेतात. वेगळे दिवे लावत नाही. भाऊंच्या हातातल्या बॅटरीचा उजेड पडेल तेवढंच दिसतं. चित्र खरबरीत येतं, येऊ दे. माझी खरी झुंज वाऱ्याशी असते. माइकवर लोकरीची टोपी चढवली तरी तो शिरतोच, आणि मला तर पाणी दांडातून पुढे सरकतानाचा आवाज हवा असतो.

१२. लाईट येते. भाऊ स्टार्टर दाबतात, गव्हात दारं धरायला उतरतात. पाऊण तासात फॉल्ट. आता डीपीपाशी बसणं, फोन लावणं, वाट बघणं. मी कॅमेरा चालूच ठेवतो. पाणी देणं सगळ्यांना ठाऊक आहे. हे बसून राहणं कुणी पाहिलेलं नाही, आणि माझी फिल्म त्याचीच आहे.

पहाटे ३. लाईट परत. राहिलेले वाफे भिजेपर्यंत भाऊ थांबणार, म्हणून मीही. पुढच्या आठवड्यात पाळी दिवसाची. तेव्हा हाच बांध, हेच वाफे उन्हात घ्यायचेत. परतीचं तिकीट त्यानंतरचं काढीन.