मोरी तुंबली? आधी प्लंजर, अ‍ॅसिड नको

बकरी ईदनंतरच्या दोन-चार दिवसांत आपल्यापैकी अनेकांच्या घरी मोरी तुंबते. गरम पाण्याबरोबर वितळलेली चरबी खाली जाते, पुढे पाइपात थिजते आणि तिला भाताची शितं चिकटत जातात. पाणी वर येऊ लागले की आपला हात अ‍ॅसिडच्या बाटलीकडे जातो. आम्ही सांगू, बाटली राहू द्या. आधी प्लंजर घ्या.

हवा दबते, पाणी दबत नाही. म्हणून प्लंजरची रबरी वाटी पाण्यात पूर्ण बुडालेली हवी. तरच आपल्या हाताचा जोर अडथळ्यापर्यंत पोहोचतो. सिंकमध्ये चार बोटे पाणी ठेवावे. बेसिनला वरच्या कडेजवळ भोक असेल तर ते ओल्या फडक्याने बंद करावे. वाटी तोंडावर घट्ट बसवून पहिला दाब हळू द्यावा, मग पंधरा-वीस वेळा दाबावे आणि ओढावे. ओढणेही दाबण्याइतकेच महत्त्वाचे. अडकलेला गोळा मागेपुढे हलूनच सुटतो. कमोडसाठी खाली रबरी गळा असलेला वेगळा प्लंजर मिळतो. तो स्वयंपाकघरात कधीच आणू नये.

अ‍ॅसिड आधीच ओतले असेल तर मात्र प्लंजर मारू नका. ते डोळ्यांत उडू शकते. प्लंबरला बोलवा आणि काय ओतले ते त्याला सांगा. संडासाचे अ‍ॅसिड आणि ब्लीच एकत्र आले तर विषारी क्लोरीन वायू तयार होतो. छोट्या, बंद संडासात तो जिवावर बेतू शकतो.

मोरी, बेसिन, संडास सगळेच एकदम तुंबले तर दोष बहुधा बाहेरच्या मुख्य पाइपात किंवा चेंबरमध्ये असतो. तिथे यंत्रच बोलवावे. चार पैसे वाचवायला कुणाला सेप्टिक टँकमध्ये उतरवू नये. आतल्या वायूने क्षणात जीव जातो. सुरक्षा साधनांशिवाय माणूस उतरवणे 2013 च्या कायद्याने गुन्हाही आहे. आपण वुजूसाठी, नमाजसाठी पाकी जपतो. ती जपताना दुसऱ्याचा जीव धोक्यात घालणे आपल्याला शोभत नाही.

म्हणून सुरुवात सिंकपासूनच करू या. चरबी थंड करून, कागदात गुंडाळून कचऱ्यात टाकू. मोरीच्या तोंडावर जाळी बसवू. सॅनिटरी पॅड आणि बाळाचे डायपर कमोडमध्ये टाकणार नाही, हे घरातल्या प्रत्येकाला सांगू.